आधीं प्रांतांची कचेरी, मग हायकोर्ट

ता. १८ ऑगस्ट २०२५ पासून मुंबई उच्च न्यायालयाच्या कोल्हापूर येथील सर्किट बेंचाचें काम सुरू झालें. कोल्हापूर, सातारा, सांगली, सोलापूर, रत्नागिरी व सिंधुदुर्ग या सहा जिल्ह्यांतील पक्षकारांची मुंबईची पायपीट त्यामुळें टळली. सांगलीहून कोल्हापूर सुमारें ५० किलोमीटर, साताऱ्याहून सुमारें १२० किलोमीटर. पहाटेच्या एस. टी. नें निघालेला शेतकरी काम आटोपून रात्रीं घरीं येऊन गुरांना वैरण घालूं शकतो. कित्येक वर्षांची ही मागणी होती व ती पुरी झाली याचा आम्हांस इतर कोणाइतकाच आनंद आहे.

परंतु या आनंदाबरोबर एक नवी बोली आमच्या कानीं येऊं लागली आहे. चावडीवर, सोसायटीच्या ओट्यावर, गुऱ्हाळावर बसलेली मंडळी म्हणतात, "आतां प्रांत नको नि कलेक्टर नको, थेट कोल्हापूर गांठायचें!" फेरफार मनाविरुद्ध मंजूर झाला, थेट कोल्हापूर. तहसीलदारांनीं रस्त्याचा हुकूम दिला, थेट कोल्हापूर. ग्रामपंचायतीनें घरपट्टी वाढविली, थेट कोल्हापूर. आम्ही महसूल खात्यांत कारकुनी करून नुकतेच सेवानिवृत्त झालों आहों. आमचें शिक्षण मराठी शाळेपुरतेंच. कायद्याचें पांडित्य आमच्यापाशीं नाहीं. पण अपिलाचे कागद बांधण्यांत व सोडण्यांत आमचें आयुष्य गेलें असल्यामुळें, मधल्या पायऱ्या गाळून वर उडी मारणाऱ्यांचें काय होतें हें आम्हीं जवळून पाहिलें आहे. म्हणून या विषयावर चार शब्द लिहिणें आमचें कर्तव्य आहे असें आम्हांस वाटतें.

प्रथम हायकोर्टांत रिट अर्ज म्हणजे काय हें नीट समजून घेतलें पाहिजे. संविधानाच्या २२६ व २२७ या अनुच्छेदांखालीं हायकोर्ट जें पाहतें, तें मुख्यतः एवढेंच कीं, अधिकाऱ्यानें आपल्या अधिकाराच्या मर्यादेंत राहून, दोन्ही बाजूंचें म्हणणें ऐकून व कायद्यास धरून निर्णय दिला कीं नाहीं. बांध कोणी कोरला, पाट कोणत्या सालीं बुजला, विहिरीवर पाळी कोणाची, मयताचे वारस किती, असल्या वस्तुस्थितीच्या वादांत तें न्यायालय सहसा शिरत नाहीं. तेथें साक्षीदार उभे राहत नाहींत कीं पंचनामा होत नाहीं. उलट, अपील ऐकणाऱ्या महसूल अधिकाऱ्यास खालचा हुकूम रद्द करतां येतो, फिरवितां येतो, बदलतां येतो, कायम करतां येतो. अधिक चौकशी करवितां येते, जादा पुरावा घेतां येतो व प्रकरण फेरनिर्णयासाठीं खालीं पाठवितां येतें. म्हणजे ज्या प्रश्नावर शेतकऱ्याचें पोट अवलंबून असतें, तो प्रश्न मुळापासून उकलून पाहण्याचा अधिकार खालच्या पायरीवर अधिक आहे. ही गोष्ट ज्यास कळली त्यास आमचा अर्धा लेख कळला.

आधीं जवळचा उपाय करावा व मग दूरचा, ही रीत आपल्या भागास नवी नाहीं. जुन्या काळीं पाटीलकी-कुळकर्णाचे तंटे आधीं गोतसभेपुढें चालत; तेथें समाधान न झालें तरच वादी दुसरें थळ मागत असे. इंग्रजी अंमलांत १८७६ सालीं मुंबई इलाख्यासाठीं महसूल अधिकारक्षेत्राचा कायदा झाला. त्याच्या ११ व्या कलमानें असें ठरविलें कीं, महसूल अधिकाऱ्याच्या कृत्याबद्दल सरकारवर दिवाणी दावा लावणाऱ्यानें, मुदतींत करतां येण्याजोगीं सर्व अपिलें आपण केलीं होतीं असें आधीं सिद्ध करावें. नाहीं तर दावा ऐकून घेऊं नये. पुढें १८७९ च्या जमीन महसूल संहितेनें अपिलांच्या मुदती ठरवून दिल्या. त्याच सालीं दक्षिणेंतील शेतकऱ्यांच्या कर्जनिवारणाचा कायदा पुणें, सातारा, सोलापूर व अहमदनगर या चार जिल्ह्यांसाठीं झाला. त्यांत सावकार व कुणबी यांच्या दाव्यापूर्वीं तडजोड करविणाऱ्या पंचाकडे जाऊन त्याचा दाखला आणावा लागे. न्यायमूर्ति महादेव गोविंद रानडे यांनीं याच कायद्याखालीं विशेष न्यायाधीशाचें काम पाहिलें होतें. तडजोडीची ती पद्धत पुढें बंद झाली. पण सातारच्या कुणब्यास "आधीं खालीं जाऊन ये" हें वाक्य तेव्हांपासून ऐकूं येत आहे, हें ध्यानांत घ्यावें.

आतां सध्यांच्या कायद्याकडे वळूं. महाराष्ट्र जमीन महसूल संहिता, १९६६ हीच आपली मुख्य पोथी. जमिनींत हक्क संपादन झाला कीं तलाठी, ज्यांस आतां ग्राम महसूल अधिकारी म्हणतात, १५० व्या कलमाप्रमाणें फेरफार नोंदवहींत नोंद करतात, चावडीवर नोटीस लावतात व हितसंबंधितांस कळवितात. कोणी हरकत घेतली तर ती तक्रारी प्रकरणांच्या वहींत जाते व तिचा निर्णय होऊन नोंद मंजूर वा नामंजूर होते. मंडळ अधिकाऱ्यांच्या वा तहसीलदारांच्या हुकुमावर पहिलें अपील उपविभागीय अधिकाऱ्यांकडे, म्हणजे आपल्या नित्याच्या भाषेंत प्रांतांकडे. प्रांतांच्या हुकुमावर दुसरें अपील जिल्हाधिकाऱ्यांकडे अथवा अपर जिल्हाधिकाऱ्यांकडे. अपिलें दोनांहून अधिक होऊं शकत नाहींत, असें २४७ वें कलम स्पष्ट सांगतें. त्यापुढें २५७ व्या कलमाखालीं फेरतपासणीची वाट आहे.

मुदतीचें कलम २५० वें. हुकूम देणारा अधिकारी जिल्हाधिकाऱ्यांहून खालच्या दर्जाचा असेल तर अपिलाची मुदत ६० दिवस. इतर बाबतींत ९० दिवस. हे दोन आकडे १८७९ च्या संहितेंतही हेच होते. म्हणजे आपल्या पणज्याच्या काळापासून हे दिवस बदललेले नाहींत. तरीही आपल्यांतील दहा खातेदारांस विचारिलें तर त्यांतील कितीजण ते बरोबर सांगतील याची आम्हांस शंका आहे. उसाची तोड कोणत्या पंधरवड्यांत यावयाची हें आपणांस तोंडपाठ असतें. पण ज्या जमिनींत तो ऊस उभा आहे तिच्या हुकुमाची मुदत केव्हां संपते हें मात्र ठाऊक नसतें!

अपील न करितां सरळ हायकोर्टांत गेल्यास काय होतें? सर्वोच्च न्यायालयानें १९५७ सालीं महंमद नूह यांच्या प्रकरणांत सांगितलें कीं, आधीं कायद्यांतील उपाय संपवावा ही गोष्ट धोरणाची, सोयीची व न्यायालयाच्या विवेकाची आहे. तो कायद्याचा अभेद्य तट नव्हे. यावरून कित्येक जण असा अर्थ घेतात कीं, दार उघडेंच आहे. पण विवेक न्यायालयाचा आहे, आपला नव्हे. दार उघडें ठेवावें कीं नाहीं हें आंतल्यानें ठरवावयाचें असतें. आणि अलीकडे न्यायालयांचा कल कडक होत चालला आहे. २०१० सालीं सत्यवती टंडन यांच्या प्रकरणांत, कायद्यानें दिलेला उपाय सोडून आलेले अर्ज हायकोर्टांनीं सहजीं दाखल करून घेऊं नयेत, असें सर्वोच्च न्यायालयानें बजाविलें. २०२० सालीं ग्लॅक्सो स्मिथ क्लाईन कंपनीच्या करविषयक प्रकरणांत तर असें ठरलें कीं, अपिलाची मुदत व माफ होऊं शकणारा जादा काळ हीं दोन्हीं घालवून मग रिटाच्या वाटेनें येणाऱ्यास जवळ करूं नये. कंपनीची ही गत, तर पांच एकरांच्या धन्याची काय कथा!

नियमास अपवाद आहेत व ते शेतकऱ्यास माहीत असले पाहिजेत. १९९८ सालच्या व्हर्लपूल कंपनीच्या निकालांत ते एकत्र सांगितले आहेत. मूलभूत हक्काच्या रक्षणाचा प्रश्न असेल, नैसर्गिक न्यायाचा भंग झाला असेल, म्हणजे आपणांस न ऐकतांच आपल्याविरुद्ध हुकूम झाला असेल, अधिकाऱ्यास मुळांतच अधिकार नसेल, किंवा कायद्याच्याच वैधतेस आव्हान असेल, तर अपील न करितांही हायकोर्ट अर्ज ऐकूं शकतें. २०२१ सालीं राधाकृष्ण इंडस्ट्रीजच्या निकालांत हेंच पुन्हां सांगितलें गेलें. येथें सातारकरांस रंगो बापूजींची आठवण होईल. १८३९ सालीं प्रतापसिंह महाराजांस पदच्युत केल्यावर त्यांचे वकील रंगो बापूजी गुप्ते यांनीं सुमारें चौदा वर्षे लंडनमध्यें राहून दाद मागितली. ज्या सरकारनें महाराजांस काढलें त्या सरकारापाशीं दाद लागेना, म्हणून त्यांस समुद्र ओलांडावा लागला. जवळचें दार बंद असेल तर दूर जाणें हा धर्मच आहे. पण जवळचें दार सताड उघडें असतां त्याकडे पाठ फिरवून दूर जाणें यास रंगो बापूजींची निष्ठा म्हणतां येत नाहीं.

आमच्या नोकरींत घडलेली एक हकीकत सांगतों. जिल्ह्याच्या दुष्काळी पट्ट्यांतील दोघे भाऊ. धाकटा नव्या मुंबईच्या बाजारांत माथाडी काम करणारा, थोरला गांवीं. वडील वारल्यावर वारस नोंद फक्त थोरल्याच्या नांवें झाली. धाकट्यानें आपला हिस्सा रोख घेतला, असा जबाब थोरल्यानें लिहून दिला होता. धाकट्यास हें विसाव्या दिवशीं कळलें. अपिलाला चाळीस दिवस शिल्लक होते. प्रांतांची कचेरी त्याच्या गांवापासून एका एस. टी. च्या अंतरावर. पण कोणा जाणत्यानें सल्ला दिला कीं, खालचे सगळे एकाच माळेचे मणी, तूं हायकोर्टच धर. त्यानें धरलें. चौदा महिन्यांनीं अर्ज पुकारला गेला. नंतर तो आमच्या मेजासमोर येऊन उभा राहिला तेव्हां म्हणाला, "भाऊसाहेब, कोर्टानं वकिलाला येवढंच इच्यारलं, अपील केलंय का? त्याच्या म्होरं बोलणंच झालं न्हाई."

अर्ज मागें घेऊन अपील करण्याची मोकळीक त्यास मिळाली. त्यानें विलंबमाफीच्या अर्जासह अपील केलें. चुकीच्या ठिकाणीं कां होईना पण तो प्रामाणिकपणें दाद मागत होता, हें ध्यानांत घेऊन विलंब माफ झाला. अपिलांत नोंद रद्द होऊन फेरचौकशी झाली व त्याचें नांव लागलें. पण त्या चौदा महिन्यांत थोरल्यानें विहिरीसकट तुकडा तिऱ्हाइतास विकून टाकला होता. सातबाऱ्यावर एकट्याचेंच नांव होतें. घेणाऱ्यानें तें पाहून पैसे मोजले. आतां धाकट्यास भाऊ व तिऱ्हाईत अशा दोघांवर दिवाणी दावा करावा लागला. आम्ही निवृत्त झालों तेव्हां तो दावा चालूच होता. जमीन कागदावर मिळाली, पाणी दुसऱ्याकडे गेलें. पहिल्या चाळीस दिवसांत प्रांतांकडे अपील व त्याबरोबर तहकुबीचा अर्ज गेला असता, तर खरेदीदारासही दहा वेळां विचार करावा लागला असता. तो मनुष्य खोटा नव्हता, आळशीही नव्हता. त्याची चूक एवढीच कीं तो चुकीच्या दारीं बसून राहिला.

आतां आक्षेपांचा विचार करूं. कारण ते पोकळ नाहींत. पहिला आक्षेप असा कीं, अपील ऐकणारा अधिकारी त्याच खात्याचा. तो आपल्या हाताखालच्या माणसाचा हुकूम कशास फिरवील? आम्ही एवढेंच सांगतों कीं, आमच्या हातून गेलेल्या फायलींत हुकूम फिरलेले पुष्कळ होते व न फिरलेलेही पुष्कळ होते. शिवाय अपिलांत हरलेल्याचेंही एक काम होतें. त्याचे कागद, जबाब व कारणें प्रकरणांत दाखल होतात. पुढें हायकोर्टांत गेल्यावर न्यायाधीश तेंच प्रकरण मागवितात. ज्यानें खालीं मुद्दा मांडला नाहीं त्यास वर तो मांडतांना जड जातें.

दुसरा आक्षेप विलंबाचा. तारखांवर तारखा पडतात, अधिकारी दौऱ्यावर असतात, निवडणुकीच्या कामांत महिने जातात. हें आम्ही नाकारीत नाहीं. पण त्यावर उपाय अपील टाळणें हा नव्हे. २५६ व्या कलमाखालीं अपील चालू असतां हुकुमाची अंमलबजावणी तहकूब करतां येते. इतकेंच नव्हे, तर अपिलाची मुदत संपण्यापूर्वीं व अपील दाखल होण्याआधीं, हुकूम देणाऱ्या अधिकाऱ्यासही ती तहकूब करतां येते. अपील वर्षानुवर्षें पडून राहिलें तर तें ठराविक काळांत निकालीं काढा एवढीच मागणी घेऊन हायकोर्टांत जातां येतें, व अशी मागणी करणारा अपील केलेला असल्यामुळें त्यास "आधीं खालीं जा" असें कोणी म्हणूं शकत नाहीं.

तिसरी गोष्ट आक्षेप नसून आमच्या खात्याचें पाप आहे, व त्यांत आमचाही वाटा आहे. आम्ही नकला देण्याच्या मेजावर असतांना एक म्हातारी हुकुमाची नक्कल मागण्यास आली. काम फार होतें, आम्हीं सांगितलें, "परवां या." ती परवां आली, पुन्हां परवां आली. चौथ्या खेपेस नक्कल मिळाली तेव्हां तिची साठ दिवसांची मुदत सरली होती. नक्कल मिळण्यास लागलेला काळ मुदतींतून वगळावा असें २५० वें कलम म्हणतें; पण तिनें लेखी अर्ज केलाच नव्हता, तोंडीं मागत होती, व तिच्याकडून अर्ज लिहून घेण्याचें आमच्या मनांतही आलें नाहीं. त्यामुळें ती पहिल्यांदा केव्हां आली याची तारीख कोठेंच नव्हती. तिच्या विलंबमाफीचा कागद पुढें आम्हीं स्वतः लिहून दिला. पण ती खंत अद्याप गेलेली नाहीं. हा लेख लिहिण्याचें एक कारण ती म्हातारीही आहे.

विलंबमाफीविषयीं एक गोष्ट सांगणें अवश्य आहे. पुरेसें कारण दाखविल्यास मुदतीनंतरचेंही अपील २५१ व्या कलमाखालीं दाखल करून घेतां येतें. सर्वोच्च न्यायालयानें १९८७ सालीं कातीजी यांच्या प्रकरणांत, विलंबाकडे उदार दृष्टीनें पाहावें व तांत्रिकपणापेक्षां न्यायास महत्त्व द्यावें, असें सांगितलें आहे. तेव्हां मुदत गेली म्हणून हातपाय गाळूं नयेत. परंतु माफी मागणें हें उसनवारीसारखें आहे. मिळाली तर मिळाली. तिच्या भरंवशावर कोणीं पेरणी करूं नये.

सर्वच तंट्यांस एकच जिना नसतो, हेंही समजून घ्यावें. सातबाऱ्यावरील नोंद खरी असल्याचें कायदा गृहीत धरतो, पण ती विरुद्ध सिद्ध होईपर्यंत. नोंदीनें मालकी निर्माण होत नाहीं. मालकीचाच वाद असेल तर त्याचें खरें ठिकाण दिवाणी कोर्ट होय, व अपिलें जिंकूनही तो प्रश्न कायमचा मिटत नाहीं. शेतास जाण्यास बांधावरून नवी वाट हवी असेल तर संहितेच्या १४३ व्या कलमाखालीं तहसीलदारांकडे अर्ज करावा. त्यांच्या हुकुमानें नाराज झालेल्यास एक वर्षाच्या आंत दिवाणी दावा करतां येतो, पण दावा लावला कीं अपिलाची व फेरतपासणीची वाट बंद होते. म्हणून तेथें एक वाट विचार करून निवडावी. असलेली वाट वा पाट कोणी अडविला असेल तर १९०६ चा मामलेदार कोर्ट कायदा आहे. तेथें सहा महिन्यांच्या आंत गेलें पाहिजे, व त्या हुकुमावर अपील नसून जिल्हाधिकाऱ्यांच्या अधिकारांतील फेरतपासणी आहे. कुळकायद्याच्या प्रकरणांत जिल्हाधिकाऱ्यांकडे अपील व त्यानंतर महाराष्ट्र महसूल न्यायाधिकरण.

ग्रामपंचायतीचा जिना निराळा व पुष्कळदां त्याच्या पायऱ्या फार आंखूड. घरपट्टीच्या आकारणीबद्दल ग्रामपंचायत अधिनियमाच्या १२४ व्या कलमाप्रमाणें पंचायत समितीकडे अपील व त्यावर जिल्हा परिषदेच्या स्थायी समितीकडे दुसरें अपील आहे. सदस्यास अपात्र ठरविणाऱ्या जिल्हाधिकाऱ्यांच्या निर्णयावर अपिलास १५ दिवस मिळतात. आणि सरपंचावरील अविश्वास ठरावाच्या वैधतेचा वाद जिल्हाधिकाऱ्यांकडे नेण्यास केवळ ७ दिवस! आपल्या पोराबाळांपैकीं कोणी सरपंच वा सदस्य असेल तर त्यानें हे आकडे भिंतीवर लिहून ठेवावे. सात दिवस वकील शोधण्यांतच जातात व मग थेट रिटाची घाई होते.

मग शेतकऱ्यानें करावें काय? पहिली गोष्ट, गांवच्या चावडीवरील नोटिशीकडे लक्ष ठेवावें. जे परगांवीं आहेत त्यांस महसूल खात्याच्या 'आपली चावडी' या संकेतस्थळावरही फेरफाराची नोटीस पाहतां येते. अपिलाहून हरकत बरी; ती वेळींच लेखी घ्यावी व तिची पोंच ठेवावी. दुसरी, हुकूम झाल्याचें कळतांच त्याच दिवशीं नकलेसाठीं लेखी अर्ज करावा व त्यावर कचेरीचा तारखेचा शिक्का घ्यावा. तोंडी मागणी म्हणजे वाऱ्यावर लिहिलेलें अक्षर. तिसरी, मुदत मोजतांना आपणांस हुकूम केव्हां कळला यावर भिस्त न ठेवतां हुकुमाच्या तारखेपासून मोजावी. म्हणजे वाद उरत नाहीं. चौथी, अपिलाबरोबरच तहकुबीचा अर्ज द्यावा व त्यांत, तहकुबी न मिळाल्यास आपलें कोणतें नुकसान भरून येणार नाहीं, तें स्पष्ट लिहावें. पांचवी, आपले सर्व मुद्दे पहिल्याच अपिलांत घालावे. राखून ठेवूं नयेत. आणि सहावी, ज्यास न ऐकतां हुकूम झाला, अगर ज्याच्या घरावर उद्यांच जेसीबी येणार आहे, त्यानें चांगला वकील गांठून हायकोर्टाचा विचार जरूर करावा. पण अपील कां केलें नाहीं याचें खरें कारण अर्जांत पहिल्याच पानावर सांगावें.

हें झालें शेतकऱ्याचें कर्तव्य. परंतु सर्व भार त्याच्याच खांद्यावर टाकणें अन्यायाचें होईल. पायऱ्या चढून या असें सांगणाऱ्यानें पायऱ्यांवर दिवा लावला पाहिजे. जर्मनीमध्यें बऱ्याच बाबतींत नागरिकानें आधीं एक महिन्याच्या आंत खात्याकडेच लेखी हरकत घ्यावी व मग प्रशासकीय न्यायालयांत जावें असा नियम आहे. पण त्याबरोबर दुसरा नियम असा कीं, हुकुमाखालीं दाद कोठें व किती दिवसांत मागावी हें लिहिलेलें नसेल, तर त्या एका महिन्याऐवजीं एक वर्षाची मुदत मिळते. फ्रान्समध्येंही अशी सूचना न देणाऱ्या खात्यास मुदतीचा फायदा सहसा घेतां येत नाहीं. आमची सरकारास अशीच विनंती आहे. मंडळ अधिकाऱ्यांपासून आयुक्तांपर्यंत प्रत्येक हुकुमाच्या तळाशीं दोन ओळी छापाव्या: "या हुकुमावर अपील अमुक अधिकाऱ्यांकडे, अमुक दिवसांत." एका रबरी शिक्क्याचें हें काम आहे. त्यास पैसा लागत नाहीं कीं नवा अधिकारी लागत नाहीं. आणि ज्या हुकुमावर हा शिक्का नाहीं, त्याच्या अपिलांत विलंबमाफी हक्कानें मिळावी अशी दुरुस्ती संहितेंत करावी. आमच्या म्हातारीस त्या दोन ओळी पुरल्या असत्या.

असो. कोल्हापूरचें न्यायालय जवळ आलें ही भाग्याची गोष्ट आहे. पण तें ज्यांस खरोखर न्याय नाकारला गेला त्यांच्यासाठीं मोकळें राहिलें पाहिजे. प्रांतांच्या मेजावर सुटण्याजोग्या हजारों अर्जांनीं तें भरून गेलें, तर मुंबईची गर्दी कोल्हापुरास आणल्यापलीकडे आपण कांहींच मिळविलें नाहीं असें होईल. सातारा व सांगली हे एकेकाळीं एकाच जिल्ह्याचे भाग. १९४९ सालीं दक्षिण सातारा वेगळा झाला व पुढें १९६० सालीं त्यास सांगली हें नांव मिळालें. कृष्णेचें पाणी व जमिनीचे तंटे दोघांसही सारखेच वांटून आले आहेत. दोन्ही जिल्ह्यांतील आमच्या शेतकरी बंधुभगिनींस एवढेंच सांगणें कीं, येत्या हंगामांत आपल्या दप्तरांतील शेवटचा हुकूम काढून पाहावा, त्यावरची तारीख वाचावी व साठ दिवस मोजावे. दिवस शिल्लक असतील तर उद्यांच प्रांतांच्या कचेरीची वाट धरावी.